वाघाच्या वाट्याची शेळी

बा, आज मी तुझ्यावर फार चिडलेय. तुला जाऊन तीसएक वर्षं झाली, मेलेल्याशी भांडू नये म्हणतात. म्हणोत. दोन यत्ता शिकलेय, अक्षर वाकडं येईल. चालवून घे.

मी नऊ-दहा वर्षांची असेन. वाघाने आपली शेळी मारून, अर्धी खाऊन करवंदीच्या जाळीत टाकली होती. निदान कातडं तरी मिळेल म्हणून मी तिचा पाय धरून घराकडे ओढतेय, आणि तू समोरून येतोस, कानाखाली वाजवतोस. मग म्हणालास, "वाघाने मारलं ते वाघोबाच्या वाट्याचं. त्याला हात लावायचा नाही. पोट भरलं की तो उंबऱ्याशी येत नाही." मलाच ती परत जाळीत ठेवायला लावलीस. बोरिवलीच्या डोंगराखाली सगळ्या पाड्याने हेच पाळलं, आणि खोटं कशाला बोलू, वाघाने आपलं माणूस कधी नेलं नाही.

आता हा डोंगर सरकारने राखीव केलाय, बंदूक घेऊन वर जायची बंदी. रानाचा राखणदार मागच्या महिन्यात सांगून गेला, "मावशे, ओढ्याच्या वर बिबट्याची मादी व्यायलीय. दोन पिल्लं आहेत. उरलीत किती आता? बोटांवर मोजावी इतकी. जरा सांभाळून घ्या." मी म्हटलं, "तुझी बाळंतीण मी सांभाळू होय? तिला सांग, माझ्या शेळ्या सोड." हसला बिचारा. आपल्याला बिबट्या काय न् वाघ काय, वाघोबाच.

आठ दिवसांत तिने माझी गाभण शेळी मारली. अर्धी खाऊन ओढ्यापाशी ठेवली, म्हणजे उरलेली खायला परत येणार. खालच्या तबेलेवाल्याची दोन पारडी तिने आधीच नेली होती. तो भरदुपारी वर आला आणि शेळीचं पोट उसवून आत कसलीशी पूड भरायला लागला. मी दहा पावलांवर गवत कापत होते. "काय घालतोस रे?" "औषध, मावशी. बंदुकीला बंदी आहे, औषधाला नाही." "आणि कुणी उचललं मढं तर?" "कोण, तुम्ही पाड्यातली माणसं? वाघाचा वाटा उचलाल?" असा दात काढून हसला मेला!

बरोबर ओळखलं त्याने आपल्याला. सून म्हणाली, "आत्याबाई, पुरून टाकूया ना." मीच ओरडले तिच्यावर, "हात लावायचा नाही, वाघोबाचं आहे ते!" विष घातल्यावर ते वाघोबाचं कसलं राहतंय? एवढी साधी अक्कल मला सुचू नये? सुचेल कशी, तुझा हात अजून कानाखाली होता ना.

सकाळी मादी ओढ्यात पडलेली, तोंड पाण्यात. राखणदार आला, त्याने तिचं तोंड पाण्याबाहेर ओढून ठेवलं. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. मग सगळ्या पाड्यादेखत मी शेळीचा पाय धरला, ओढत नेली आणि खोल पुरली. पिल्लं कपारीत ओरडत होती, मांजराएवढी. राखणदाराने पोत्यात घालून नेली. जगतील का विचारलं, तर म्हणाला, "दूध तोंडाला लावतात का बघू."

तबेल्यावर जाऊन मी त्या मेल्याच्या सात पिढ्या उद्धरल्या. तो शांतपणे म्हणाला, "मावशी, तुम्ही तिथेच उभ्या होता की."

हे कुठे धाडायचं नाही, ठाऊक आहे मला. म्हणून लिहिते. सुनेपुढे वाघोबाचं निमित्त केलं, तुझ्यापुढे तुझ्या थपडेचं. पण माझी गाभण शेळी गेली होती, बा. तो पूड भरत होता तेव्हा मला बरं वाटलं होतं.