कोरड्या वाडग्यांचं जलतरंग

बाबा,

काल नातीला जलतरंग शिकवताना तुमचंच वाक्य माझ्या तोंडून निघालं, "काडी आवळू नको गं, साळुंकीचं पिल्लू धरल्यासारखी धर." पोरगी खो खो हसली. वाडग्याच्या काठावर काडी टेकवून लगेच उचलायची, पाणी घातलं की सूर उतरतो, काढलं की चढतो, हे तिला पटकन समजलं. पण पाणी इतकं जपून का घालायचं, हे काही केल्या कळेना. नळ आहे ना, म्हणाली!

मंग मला बहात्तरच्या दुष्काळानंतरचा तो उन्हाळा आठवला. पाण्याचा टँकर जालन्याहून येतोय, अख्खी वस्ती खडी फोडायला जाऊन राह्यलीय, अन् वैशाख पौर्णिमेला विहारात माझं पहिलं वादन ठरलेलं. शाळेतले तुमचे सोबती चिडवायचे, "मास्तर, पोरीला कपबश्या बडवायला शिकवता का?" तुम्ही हसून सोडून द्यायचात. मला मात्र धास्ती, की हे फसलं तर पुन्हा कुणी माझ्या हातात काडी देणार न्हाई.

पौर्णिमेच्या दुपारी विहारात एका घागरीच्या पाण्यात तुम्ही सगळे वाडगे सुरात लावले, वर धोतर पसरलं, अन् आपण कपडे बदलायला घरी गेलो. परत येऊन बघतो तर वाडगे रिकामे! खडीवरून आलेल्या बायकांच्या लेकरांना आत्यानं ते पाणी पाजलं होतं. तुम्ही बघतच राहिलात, तर तीच भडकली, "असा काय बघतो? लेकरं तहानेनं रडून राह्यली, अन् तू पाण्याला गाणं शिकवतो व्हय?" तुमचा चेहरा पडला. मंग तुम्ही हसलात, "बराबर केलं, अक्का."

मला रडूच कोसळलं. तुम्ही एक रिकामा वाडगा वाजवला, मंग दुसरा, मंग तिसरा. कोरडे सूर चढे, टणटणीत. जुळेनात ते वाडगे बाजूला सारले. पाच उरले, ते ओळीनं मांडून म्हणालात, "पाच सुरांत लई गाणी बसतात. वाजव." तुम्ही मांडीवर ठेका धरला अन् मी वाजवलं. आत्या पुढं बसून ज्याला त्याला सांगत होती, आमचीच पोरगी हाय.

पुढं जन्मभर तुम्ही सगळ्यांना सांगत राहिलात, माझी पोरगी बिलकुल घाबरली न्हाई. हे पत्र कुठं धाडायचं न्हाईच, तर सांगूनच टाकते. बाबा, मी लई घाबरले होते. तुमचा ठेका एकदा जरी चुकला असता ना, तर मी तिथूनच उठून पळाले असते.