पूर तीन वेळा

प्रिय खारुताई,

तुझं पाकीट येऊन पंधरा दिवस झाले. पत्र आधी वाचलं आणि फोटो नंतर पाहिले, तेही डोळ्याला घड्याळाचं भिंग लावून, म्हणजे एक खिळासुद्धा सुटायला नको. चौथ्या मजल्यावर तू अगदी गावाकडच्या धाटणीचं स्वयंपाकघर उभं केलंस. छताला चिकटवलेल्या त्या लाकडी तुळया मला फार आवडल्या. त्यांच्यावर कसलाच भार नाही, नुसतं दिसायचं काम. सुखी आहेत बिचाऱ्या. टवके उडालेले तामचिनीचे मग तू विकत आणलेस हे वाचून मात्र हसू आलं. तुझ्या आईने असले आठ मग लाजून माळ्यावर टाकले होते, पाहुण्यांना दिसू नयेत म्हणून. आणि नव्या टेबलाला जुनं दिसावं म्हणून सुताराने साखळीने बडवून खड्डे पाडले म्हणतेस. आपल्या टेबलाला ते खड्डे पडायला चाळीस वर्षं लागली, आणि निम्मे तर तू एकटीने पाडलेस. थट्टा करतोय म्हणून रागावू नकोस. खिडकीपाशी ठेवलेली लाकडी पट्ट्यांची खुर्ची मी भिंगाखाली बराच वेळ धरली होती. तिच्याबद्दल तू पत्रात एक ओळ लिहिली आहेस, तिचं उत्तर शेवटी देतो.

तर तुझा प्रश्न. आईच्या वहीत पेरूच्या जेलीपुढे लिहिलंय, साखर विरघळल्यावर पूर तीन वेळा. जावईबापूंच्या मते याचा अर्थ पातेलं तीनदा उतू जाऊ द्यायचं, आणि तू म्हणतेस, बाबा, कोडी नकोत, मिनिटं सांगा. पुढच्या महिन्यात सगळ्यांना जेवायला बोलावणार आहेस आणि आईच्या हातची जेली टेबलावर हवी आहे, हेही कळलं. मिनिटं सांगणं मला जड जाऊ नये. जन्मभर लोकांची मिनिटंच जुळवत आलो. पण खरं सांगतो, तुझ्या आईच्या स्वयंपाकाला मी कधी घड्याळ लावून पाहिलं नव्हतं.

पुढच्या खोलीत भिंतभर घड्याळं टांगलेली असायची ती आठवतात ना? सगळी दुरुस्तीला आलेली. बाराचे ठोके सुरू झाले की संपायला पाव तास लागायचा. लग्न होऊन आली तेव्हा तुझ्या आईने चार दिवस त्यांच्या भरवशावर स्वयंपाक केला, चारही दिवस भात करपला, आणि पाचव्या दिवशी ती म्हणाली की या घरात वेळ सोडून सगळं मिळतं. मी तेव्हा चुलीपाशी कांदे सोलत बसलो होतो आणि सवयीने कविता म्हणत होतो. माझी शाळा सातवीपर्यंतची. त्यातलं गणित घड्याळांत कामी आलं, भूगोल कुठे गेला देवाला ठाऊक, कविता तेवढ्या जशाच्या तशा राहिल्या. गुरुजींनी छडीने टेबलावर ताल धरून शिकवलेल्या, त्यामुळे एकेकीची चाल पक्की. आज म्हणा की दहा वर्षांनी म्हणा, तेवढाच वेळ लागणार. हे तुझ्या आईच्या ध्यानात आलं. त्या दिवसापासून अंड्यांना चिमणीची कविता, भाताला विहिरीची दोनदा, आणि पेरूच्या जेलीला पुराची, तीन वेळा.

मग ते असं होऊन बसलं की मी दुकानात कुणाच्या घड्याळाची स्प्रिंग चिमट्यात धरून बसलेला असलो तरी आतून हाक यायची, अहो, चिमणी. गिऱ्हाईक थांबायचं, मी म्हणायचो, अंडी उकडायची. आमचा अबोला असला तरी कविता म्हणावीच लागे, कारण जेवायचं दोघांनाही असे. एकदा तीन दिवसांचा कडक अबोला होता. तेव्हा मी विहिरीची कविता भिंतीकडे तोंड करून म्हटली, आणि तिने भात माझ्याकडे न बघता वाढला. पण भात उत्तम झाला होता. तू चार वर्षांची झालीस तशी स्टुलावर उभी राहून मान डोलवायला लागलीस. मी मुद्दाम एखादी ओळ गाळली की पळी आपटायचीस आणि ती ओळ माझ्या अंगावर फेकायचीस. टेबलाचे खड्डे ते हेच. शेवटच्या वर्षी तुझी आई अंथरुणाला खिळली तेव्हा चुलीपाशी मी एकटा असायचो आणि ती आतून सांगायची, धावू नका, सावकाश म्हणा, जेली कुठे पळून जात नाही.

पुराची कविता तुला सांगायला नको. नऊ कडवी. नदी चढते, गुरं टेकडीवर जातात, म्हातारी एकटी झोपडीत राहते, पाणी उंबऱ्याला लागतं, म्हातारी छपरावर चढते, आणि मग पुढचं सगळं. तुझं पत्र आल्यावर दुसऱ्याच दिवशी मी अंगणातले पेरू उतरवले. म्हटलं, तोंडाने सांगण्यापेक्षा करूनच पाहू आणि घड्याळ लावू. माझं खिशातलं घड्याळ दिवसाला अर्ध्या मिनिटाच्या वर चुकत नाही. पेरू शिजवले, फडक्यातून रस गाळला, साखर विरघळली, उकळी फुटली, आणि मी पूर सुरू केला. तीन वेळा झाला तेव्हा घड्याळात दहा मिनिटं आणि चाळीस सेकंद. लगेच कागदावर लिहून ठेवलं, तुला पाठवायला. जेली बरणीत भरली. सकाळी बरणी तिरकी केली तर आतलं सगळं सरबतासारखं वाहतंय.

साखरेला दोष दिला, दुकानदाराला बोललो. दुसऱ्या दिवशी दुसरी साखर, तेच सरबत. मग पेरू जास्त पिकले असतील म्हणून कच्चे घेतले. मग घड्याळावर संशय आला. ते पूर्ण उघडलं, एकेक चाक साफ केलं, पुन्हा बसवलं. घड्याळाची काही चूक नव्हती. चौथ्या वेळी चुलीपाशी शेजारच्या सुईणबाई येऊन बसल्या होत्या. हल्ली त्या रोज येतात. माझ्या किल्ल्या त्यांनीच नाडीला बांधून माझ्या गळ्यात घातल्या आहेत, कारण दोनदा मी कुलूप लावून किल्ली आतच ठेवली. हे मागच्या पत्रात लिहिलं होतं का? लिहिलं असेल तर वाचून सोडून दे. तर बाई शेंगा सोलत होत्या आणि मी पुराचा पहिला फेरा संपवून दुसऱ्याला हात घातला होता, एवढ्यात त्या म्हणाल्या, "घड्याळजी, तुमची म्हातारी छपरावरून काठावर आली कशी? उडत आली की काय?"

मी म्हटलं, नावेतून आली, आणखी कशी येणार. त्या म्हणाल्या, "मग नाव कुठाय? चाळीस वर्षं ही कविता ऐकतेय मी, मधे नाव येते. आत्ता म्हातारी छपरावर चढली आणि पुढच्या कडव्यात शेकोटीपाशी अंग शेकत बसली. तुम्ही नाव खाल्लीत." मला आधी हसूच आलं. पळी ठेवली आणि म्हटलं, थांबा, म्हणून दाखवतो. पाचवं कडवं म्हटलं, म्हातारी छपरावर चढली, आणि तोंडातून पुढे शेकोटीच आली. पुन्हा म्हटलं, पुन्हा शेकोटी. सहावं कडवं निसटून गेलंय, खारुताई. मधे खाच राहिलीय असंही नाही. दोन्ही टोकं अशी जुळून आलीत की जणू तिथे कधी काही नव्हतंच. म्हणून तर मला कळलं नाही. तीन फेऱ्यांत तीन कडवी गेली, मिनिट-सव्वा मिनिट. जेली बिघडायला तेवढं पुरतं. सुईणबाईंना नाव आठवते, शब्द आठवत नाहीत. माझं वाचनाचं पुस्तक वाळवीने कधीच संपवलं.

त्यानंतर मी बाकीच्या कविता तपासल्या, घड्याळ तपासतो तशा. चिमणी शाबूत आहे. विहिरीचा शेवट डळमळतो. डॉक्टरांकडे सुईणबाईच घेऊन गेल्या. ते भले गृहस्थ आहेत, त्यांनी मला तीन शब्द लक्षात ठेवायला सांगितले आणि थोड्या वेळाने विचारले. मला एक सांगता आला. ते म्हणाले, हे हळूहळू होतं. मी म्हटलं, हळूहळू हे माझ्या धंद्यात चांगलं लक्षण नसतं. तेही हसले, पण मग त्यांनी विचारलं की घरात आणखी कोण असतं.

तेव्हा तुझी ती एक ओळ. खुर्ची तुमच्यासाठीच ठेवलीय बाबा, असं तू लिहिलंस. दोन वर्षं प्रत्येक पत्रात काही ना काही असंच लिहीत आलीस आणि मी घड्याळांना किल्ली कोण देणार म्हणत टाळत आलो. आता घड्याळं ज्याची त्याला परत करतोय. या महिन्याच्या अखेरीला येतो. सुईणबाई गाडीत बसवून देतील, तू उतरवून घे. तुझ्या मिनिटांचा कागद मी फाडून टाकला, तो चुकीचा होता. तुला मिनिटं लागणारही नाहीत. नऊच्या नऊ कडवी तुला येतात, नव्या चुलीपाशी उभी राहा आणि मोठ्याने म्हण, धावू नकोस. मात्र तोवर एक कर, त्यासाठीच एवढं लांबण लावलं. सहावं कडवं एका कागदावर स्वच्छ अक्षरात लिहून उलट टपालाने पाठव. मला ते खुर्चीत बसण्याआधी पाठ करून यायचं आहे. म्हातारी आठ दिवस छपरावर बसली आहे. नाव पाठव.

वाट पाहणारा, तुझाच
बाबा