पैलवानाचा पट्टा

ता. ४

चि. बाळास आशीर्वाद.

दूध तापत ठेवून मी चादर पिळत होते. पैलवान नेहमीसारखा तुझ्या बाबांच्या सुतारखोलीच्या बंद दाराशी बसून एकदा भुंकला, आणि मग असा किंचाळला की चादर मातीत पडली. किंचाळला म्हणून गळ्यातल्या पट्ट्याचा झटका, झटका बसला म्हणून पुन्हा किंचाळी. मी धावत जाऊन पट्टा ओढून काढला, तोवर थरथरत जागीच मुतला होता बिचारा. दूध उतू गेलं ते वेगळंच.

रविवारी निघताना तो विजेचा पट्टा त्याच्या गळ्यात घालून तू म्हणालास, भुंकला की नुसत्या गुदगुल्या होतात. गुदगुल्या! मानेवर दोन लाल चट्टे आहेत. आता तो त्या दाराकडे फिरकत नाही, माझ्या हातचंही खात नाही. म्हातारं, ठार बहिरं जनावर ते. कोणाला विचारून घातलास?

रागावलेली, तरी तुझीच,
आई

ता. ८

ती. आईस साष्टांग नमस्कार.

शेजारच्या मास्तरीणबाईंनी फोन करून त्याच्या भुंकण्याची तक्रार करण्याची तंबी दिली. तुला बोलणी खावी लागू नयेत म्हणून पट्टा आणला. आमच्या साहेबांचा कुत्रा त्यानंच गप्प झाला. झटका जास्त ठेवला गेला असेल; कमी करून पुन्हा घाल. बाबा गेल्यापासून तू त्याला फार डोक्यावर बसवलंयस. असंच चाललं तर त्याला दुसरीकडे सोडावं लागेल.

तुझ्या रागाचा धनी,
बाळ

ता. १३

चि. बाळास आशीर्वाद आहेतच, पण आधी नीट वाच.

पट्ट्याचं माहितीपत्रक तू खोक्यातच ठेवून गेलास. मी ते शेवटपर्यंत वाचलं. म्हाताऱ्या, भित्र्या जनावराला डॉक्टरांना विचारल्याशिवाय घालू नये, असं स्पष्ट लिहिलंय. मग झटका सगळ्यात कमी ठेवून पट्टा मनगटाला बांधला आणि भुंकले. हो, मी भुंकले! मास्तरीणबाई खिडकीतून बघत होत्या. मनगट अजून ठणकतंय.

जनावरांच्या डॉक्टरीणबाई म्हणाल्या, बहिऱ्याला स्वतःचं भुंकणं ऐकू येत नाही, मग शिक्षा कशाची ते कसं कळणार? त्याला वाटलं, ते दारच चावलं. पट्ट्याची झटका देणारी टोकं काढून नुसती थरथर, खाऊ देत देत, हाक म्हणून शिकवता येते. पण झटका त्याला कधीच नको. आता तर मानेला हात लावला तरी अंग चोरतो.

तो भुंकला की बाबा आतून दोनदा पाय आपटायचे. जमिनीच्या फळ्यांतून त्याच्या पोटाला कळायचं, की गप्प. ते गेले आणि मी कुलूप लावलं. तो विचारतोय, उत्तर कोणी देत नाही. मास्तरीणबाईंना हे सांगितलं. त्या हसल्या नाहीत. आठवडाभर थांबते म्हणाल्या.

त्याला दुसरीकडे सोडणार असशील, तर सोबत मलाही सोड. पट्टा परत पाठवतेय. आधी स्वतःच्या मनगटावर बघ.

राग ओसरला की खाली माया असतेच,
आई

ता. क. काल पत्र टाकायचं राहिलं. आज सकाळी बाबांच्या खोलीचं कुलूप काढलं, आत उभी राहिले आणि दोनदा पाय आपटला.