धोंडप्पाची चार गिऱ्हाइकं

नांदेड, गुरुवार, चैत्र १९४८

ती. स्व. श्रीपादराव यांस,

मार्तंडाचा शिरसाष्टांग नमस्कार. तुमच्या दम्याचं आणि लातूरच्या हवेचं अजून जमलं नसेल. जमेपर्यंत गूळ खाऊ नका. तुमची बहीण प्रमोदिनी खुशाल आहे, मीही आहे. रझाकारांची कवायत रोज खिडकीखालून जाते, त्यामुळे सकाळी गजर लावावा लागत नाही. (पत्र सिद्धेश्वराच्या हाती पाठवतोय, टपालातली पत्रं हल्ली आधी पोलीस वाचतात.)

तो रशियन नट तुम्हाला आठवत असेल. दिवाळीत तुमच्या ओसरीवर मी त्याच्यावर दीड तास बोललो होतो (तुम्ही पाऊण तासाने झोपलात, तेव्हा अर्धाच आठवेल). सर्कशीत विदूषकाची बादली धरणारा हा माणूस तिशीत सत्तर वर्षांचा प्राध्यापक झाला, मग खलाशी, मग मेंढपाळ आणि अखेर सम्राट. ज्या राजांना त्याच्या देशाने हाकललं, त्यांतल्याच एकाचं काम त्याने असं केलं की लोक म्हणे थिएटरात टोप्या काढून उभे राहिले. (आपल्याकडे नटाची गरज नाही, खरा अजून गादीवर आहे.) माणूस काय होईल हे जन्माने ठरत नाही, याचा इतका चोख पुरावा मला कुठल्याच ग्रंथात सापडला नाही. मुंबईहून आलेल्या रशियन मासिकात त्याच्या चार भूमिकांचे फोटो एकाच पानावर होते. ते पान फाडून मी धोंडप्पा शिंप्याला दिलं. त्याला क्रांती समजावी म्हणून दिलं. त्याने सम्राटाच्या कोटाचा खांदा पाहिला. "मास्तर, राज्य जाऊ द्या, बाही कशी बसवलीय बघा की!" म्हणत पान मशीनच्या वर भिंतीला चिकटवलं.

गेल्या आठवड्यात शिंपीआळीत झडती झाली. चौकीच्या अमीनसाहेबांना परकी लिपी दिसली आणि चार अनोळखी चेहरे दिसले. हे कोण, असं दरडावताच धोंडप्पा घाबरून म्हणाला, "गिऱ्हाइकं हायत, साहेब." झालं! आठ दिवस त्याला मारून चौघांचे पत्ते विचारत होते. पान कुणी दिलं तेही विचारतात. त्यावर "रद्दीत आलं" यापलीकडे तो काही सांगत नाही.

मी गप्प बसणारा नव्हे. परवा चौकीत गेलो. बादलीपासून सम्राटापर्यंत त्या नटाचं अख्खं आयुष्य अमीनसाहेबांपुढे उर्दूत मांडलं. शिपाईसुद्धा ऐकत उभे राहिले. चारही चेहरे एकाच माणसाचे, हे मी टेबलावर मूठ आपटून सिद्ध केलं. अमीनसाहेबांचा चेहरा उजळला. "मतलब चारों एकीच आदमी? फिर तो ये दर्जीच चारों है!"

आता चौघांचे गुन्हे एकट्या धोंडप्पावर आहेत. इतकं परिणामकारक भाषण मी आजवर केलं नव्हतं. निघताना तो गजांआड दिसला. बोटं सुजलेली; त्यांत सुई पुन्हा बसेल असं वाटत नाही. मला म्हणाला, "मास्तर, लई झाक बोललात. आता घरला जा."

आपला,
मार्तंड

ता. क. : मासिकाचा तो अंक दिवाळीत तुमच्याकडेच राहिला. त्यात नटाचा रंग न लावलेला फोटो आहे. अमीनसाहेबांना दाखवायला अंक सिद्धेश्वराबरोबर पाठवा.

ता. क. दुसरा : अंक पाठवू नका, जाळून टाका. एक गोष्ट वर लिहिली नाही. चौकीत तासभर बोललो, त्यात "पान माझं आहे" हे वाक्य नव्हतं. तीन शब्द. धोंडप्पा शेवटपर्यंत त्यांचीच वाट पाहत होता, आणि आले नाहीत तेव्हा मला घरी जा म्हणाला. सोमवारी ते बोलायला जातोय. रविवारच्या आत येऊन प्रमोदिनीला लातूरला न्या. तिला यातलं काही माहीत नाही. तुमचा दमा बळावलाय, एवढंच सांगितलंय. दारात आल्यावर तेवढं जरा खोकून दाखवा.