उजीच्या फाटकावरची कविता

३ फेब्रुवारी
मित्सुए उजीला बहिणीकडे निघून गेली. तुमच्याशी बोलणं म्हणजे भिंतीशी बोलणं, म्हणे. बायका रागात काहीही बोलतात. आज वाचनवर्गात कुवाबाराबाईंनी सांगितलं, हजार वर्षांपूर्वी आपल्या क्योतोच्या दरबारातले पुरुष बायकांशी फारसं बोलतच नसत. कविता लिहायचे, फुललेल्या फांदीला बांधून पाठवायचे, की बायका विरघळायच्या. म्हणजे मी जन्मजात दरबारी!
संकल्प : बायकोला कवितेनं परत आणणे. फोन नाही. फोन गावंढळ लोक करतात.

६ फेब्रुवारी, दुपार
दरबारी कविता मोजून एकतीस अक्षरांची. तेवढ्यात दुःख बसत नाही. 'अश्रूंनी बाही भिजली' एवढं मात्र जमलं. बाही खरंच ओली होती. भांडी घासत होतो.

९ फेब्रुवारी
शेजाऱ्यांच्या प्लमची बहरलेली फांदी कापली. कलेसाठी चालतं. पूर्वी निरोप्या जायचा; मी मास्क लावून स्वतःच गेलो. मेव्हणीच्या फाटकात फांदी खोचली, तिला कवितेची घडी बांधली. कुंपणातून डोकावलो. (दरबारी पुरुषही डोकावत.) मित्सुए हसत होती. दुःख किती छान लपवते!

१२ फेब्रुवारी
उत्तर नाही. खानदानी स्त्रिया उशीरच लावत. लक्षण उत्तम.

१३ फेब्रुवारी
मेव्हणीचा, ताझुकोताईंचा फोन. कोण मेला आमच्या दारात पनवती बांधून गेला, म्हणाल्या. देवळात वाईट भाकिताची चिठ्ठी निघाली तर तिथल्याच फांदीला बांधून मोकळं व्हावं, लोकांची फाटकं कशाला? मित्सुएनं ती न उघडताच देवळात नेऊन बाकीच्या पनवत्यांशेजारी बांधून टाकली म्हणे. कसली माणसं असतात हो, म्हणाल्या. मी म्हटलं, खरंच!

१५ फेब्रुवारी
खुद्द मित्सुएचा फोन! जेवताय का, हीटर बंद करून झोपता का, सगळं विचारलं. मग म्हणाली, अहो, तुम्हाला माझ्याशी काही बोलायचंय का?
'परत ये' अगदी तोंडावर आलं होतं. घर खायला उठतं. पण असं सरळ बोलून टाकायचं म्हणजे फारच गद्य. नाही, म्हणालो.
बरं, म्हणाली.

१८ फेब्रुवारी
टेम्पो आला, तिचं कपाट न्यायला. ड्रायव्हर एकटाच, म्हणून दुसरी बाजू मी धरली. दारात अडकलं तेव्हा तिरकं कसं काढायचं तेही मीच दाखवलं. निघताना त्यानं विचारलं, साहेब, बाईंना काही निरोप?
आरसा आहे, सावकाश न्या, म्हणालो.