सहादेवआप्पांचं इंटरनेटवरचं निधन

सावेडी, अहमदनगर
ता. १२ ऑक्टोबर १९९९

चि. राजस,

इकडे सगळं ठीक. बाबांचा खोकला कमी आहे. तू फोनवर विचारलं नाहीस, म्हणून कळवते.

आपला पेपर इंटरनेटवर चढवून तू मोठेच उपकार केलेस. उद्घाटनाला तुझा भागीदार बाबांना म्हणाला, "काका, आता कागद संपला." छापखान्यात जन्म घालवलेल्या संपादकासमोर असं बोलायला अक्कल लागत नाही, टाय पुरतो.

आता तुमचा प्रताप ऐक. गेल्या महिन्यात आपण श्रीगोंद्याच्या सहादेवआप्पांच्या सत्काराचा फोटो छापला. शेजारी दुसऱ्याच कुणाची निधनवार्ता होती. कागदावर सगळं बरोबर होतं, प्रुफं मीच तपासली होती. तुझ्या पुण्याच्या विद्वानांनी इंटरनेटवर आप्पांचा फोटो, नावासकट, निधनवार्तेवर चिकटवला.

आप्पांचा संदीप अमेरिकेत असतो. त्यानं ते वाचलं. वस्तीवर फोन नाही. मिळेल त्या विमानानं तो निघाला आणि रडत दारात पोचला, तर आप्पा ओट्यावर चहा पीत बसलेले!

तुला कळवलं, तर तुझं उत्तर काय? "टेक्निकल प्रॉब्लेम." लाज नावाची वस्तू तुमच्या ऑफिसात मिळत नसावी. माफी मागायला या वयात बाबा एसटीनं गेले. मी सोबत होते.

आप्पा म्हणाले, "माफी कशाची, पंत? लई वर्सं पोरगं आलं न्हवतं. आई गेली तवाबी न्हाई. आता रोज माज्या शेजारी बसून जेवतंय. चांगलंच केलं की तुमी!"

संदीप तिथंच उभा होता. त्यानं मान वर केली नाही.

परतताना बाबा हळूच म्हणाले, "शोभा, आपलं ते इंटरनेटचं पान राजस स्वतः वाचतो का गं?"

मी फटकन म्हणाले, "वाचत असता तर चूक दिसली नसती?"

घरी आल्यावर बाबा जेवले नाहीत.

प्रुफं अजून मीच बघते, तेव्हा बाबांच्या नावाची तसली बातमी मी छापू देणार नाही, एवढं पक्कं समज. आणि पुणं काही अमेरिकेत नाही. शिवाजीनगरहून नगरची गाडी दिवसभर सुटते.

बाबांचे आशीर्वाद, त्यांनी सांगितलेले नसताना लिहिते आहे. माझे, तू दारात दिसलास तर बघू.

शोभाताई