शेवटच्या रिळाचे संगीत

बुधवार, सकाळ

तीर्थस्वरूप मामांस,
कृतानेक साष्टांग नमस्कार, विनंती विशेष.

वर्गात हजेरी देतानाही जिचा आवाज फुटत नसे, त्या मुलीने तुमच्यासारख्या संगीतकाराला त्याच्याच कामाविषयी लिहावे, हे धार्ष्ट्य आहे. लिहायला बसल्याबद्दल क्षमा मागते. पुढच्या मजकुराबद्दल मात्र मागणार नाही.

आईचा गुडघा बरा आहे. तिकडची थंडी तुम्हाला सोसते का, असे ती रोज विचारते. स्टुडिओचे छत पुन्हा गळते आहे. ध्वनिमुद्रकांनी प्रतिध्वनी अडवायला भिंतींवर घरची जुनी पांघरुणे ठोकली आहेत, आणि त्यांच्या पत्नीने अबोला धरला आहे.

तिकडच्या परदेशी, साठ वादकांच्या वाद्यवृंदाला वाचून वाजवता यावे, म्हणून शेवटच्या रिळाचे स्वरलेखन तुम्ही मागवले आहे. तुमची साहाय्यक म्हणून ते मी लिहून तयार केले आहे. अक्षरही सुवाच्य आहे. ते मी पाठवणार नाही.

"आपली माणसं कागद वाचत नाहीत, जगासमोर हसं होईल," असे निर्माते म्हणाले, तेव्हा तुम्ही गप्प बसलात. मामा, देश स्वतंत्र झाल्यावरचा आपल्या स्टुडिओचा पहिला बोलपट तुम्ही तीन वादकांवर उभा केलात. संचालकाच्या छडीकडे पाहू नका, पडद्याकडे पाहा; पडद्यावरची बाई श्वास घेईल तेव्हाच बासरीने घ्यावा, हे तुम्हीच त्यांना शिकवलेत. तुमचे अकरा चित्रपट असेच झाले. लोक त्या चाली गुणगुणत घरी गेले, आणि त्यांतला एकही सूर कुणी वाचून वाजवलेला नव्हता. मग परदेशातल्या महोत्सवात एका टीकाकाराने तुमच्या संगीताला खेडवळ म्हटले, आणि बाराव्या चित्रपटाला तुम्हाला आपल्याच माणसांची लाज वाटू लागली.

आता जे टाळत होते ते लिहिते. काल सकाळी आम्ही ते रीळ ध्वनिमुद्रित केले. चाल तुमची, वादक आपले. समोर उभी मी.

ढोलवाले काका म्हणाले, "पोरी, छडी कशाला? तुझे गुडघेच ताल धरतायत की." सगळे हसले, मीही हसले. छडी खाली ठेवली, दिवे मालवायला लावले आणि चित्र सुरू करायला सांगितले.

पडद्यावरची आई मुलाच्या रिकाम्या खोलीच्या दारात थबकली. तिचे खांदे वर झाले, आणि त्याच क्षणी बासरीवाल्या आजोबांनी श्वास घेतला. तो ऐकू येतो.

"हा दोष आहे. पुन्हा घेऊ," ध्वनिमुद्रक म्हणाले.

"पुन्हा घ्यायचं नाही," मी म्हणाले. इतक्या मोठ्याने मी आजवर कुणाशीच बोलले नव्हते.

दिग्दर्शकांनी दोनदा ऐकले आणि हेच हवे, असे निर्मात्यांना बजावले. निर्माते तुमच्या संमतीवर अडले आहेत. तुम्ही तारेने नकार कळवलात, तर हे सारे पुसले जाईल. म्हणून सोबत त्याची फितीवरची दुसरी प्रत पाठवते. त्या साठ जणांसमोर ती वाजवा. त्यानंतरही लाज वाटली, तर खुशाल नकार द्या. पण तो बासरीवाल्या आजोबांना स्वतः येऊन सांगा. मी निरोप्या होणार नाही.

श्रेयनामावलीत संगीतकार तुम्हीच आहात. त्याखाली वादकांची नावे प्रथमच येत आहेत. ती मी तुम्हाला न विचारता घातली आहेत.

तुमच्याकडून शिकलेली, म्हणूनच तुमचे न ऐकणारी,
भाची

टपालात टाकले: बुधवार, १८ फेब्रुवारी १९५९, दुपारी चार वाजून दहा मिनिटे.